वेलांटीला नकार

एका वाचनालयाचा सभासद-नोंदणीचा अर्ज संकेतस्थळावर आला, तेव्हा तो तपासून पाहण्याचे काम माझ्याकडे आले. 'कमल' हे नाव अर्जाने स्वीकारले, 'मदन'ही स्वीकारले. 'सीता' लिहिताच मात्र लाल सूचना आली : 'नावात फक्त अक्षरे असावीत.' 'गोविंद' आणि 'विठ्ठल' यांचीही तीच गत. पुस्तक-मागणीचा आणि निबंधस्पर्धेचा अर्ज उघडून पाहिला, तर तिथेही तेच. अर्ज तीन, चूक एकच. कारण तिन्ही अर्ज एकाच सामाईक फाइलीवर चालत होते.

संकेतस्थळावरील अर्जांत काही कामे पुन्हा पुन्हा करावी लागतात. रकाना रिकामा नाही ना, मोबाइल क्रमांकात १० अंक आहेत ना, तारीख खरी आहे ना, हे पाहणे प्रत्येक अर्जाला लागते. दर वेळी ते नव्याने लिहिण्याऐवजी आज्ञावलीकार एकदाच एका फाइलीत लिहून ठेवतात आणि हवा तो अर्ज ती फाइल वापरतो. अशा फाइलींच्या संचाला 'लायब्ररी' म्हणतात. आज हा शब्द लाक्षणिक वाटतो. आरंभी तो बराचसा शब्दशः होता. केंब्रिज विद्यापीठातील एडसॅक हा संगणक १९४९ मध्ये सुरू झाला. त्याच्यासाठी लिहिलेल्या उपयुक्त आज्ञावल्या भोके पाडलेल्या कागदी फितींवर, पोलादी कपाटात ठेवलेल्या असत. हवी ती फीत काढायची आणि तिची नक्कल आपल्या फितीवर उतरवून घ्यायची. विल्क्स, व्हीलर आणि गिल यांनी १९५१ च्या आपल्या पुस्तकात ही पद्धत सविस्तर मांडली.

या सोयीमागचा हिशेब सरळ आहे : एकदा लिहा, एकदा तपासा, अनेकदा वापरा. पण लिहिणाऱ्याने मनात धरलेले गृहीतकही फाइलीबरोबर अनेक ठिकाणी जाते. आमच्या फाइलीतले गृहीतक 'अक्षर' या शब्दाविषयी होते.

बाराखडी शिकणाऱ्या मुलाला 'वि' हे एक अक्षर असते. संगणकाला ते तसे नसते. युनिकोडमध्ये 'विठ्ठल' या नावाचे सहा घटक होतात : व, वेलांटी, ठ, पाय मोडण्याचे चिन्ह, पुन्हा ठ आणि ल. यांतील चार घटक 'अक्षर' या वर्गात येतात, दोन 'चिन्ह' या वर्गात. पायथन भाषेत मजकूर निव्वळ अक्षरांचा आहे का, हे विचारण्याची तयार सोय आहे. ती चिन्हांना अक्षर मानत नाही. म्हणून काना, मात्रा, वेलांटी, अनुस्वार, जोडाक्षर यांपैकी काहीही नसलेली नावेच तेवढी पार होतात. रोमन लिपीत ही अडचण सहसा दिसत नाही, कारण फ्रेंच-जर्मनमधील चिन्हांकित अक्षरांनाही युनिकोडमध्ये स्वतंत्र, अखंड संकेतांक आहेत. तिथे तोच प्रश्न बरोबर उत्तर देतो.

दोष युनिकोडच्या वर्गवारीचा नाही. शब्द ओळखताना अक्षरांबरोबर चिन्हेही धरावीत, असे युनिकोडच्या मार्गदर्शक तत्त्वांतच म्हटले आहे. चुकला तो प्रश्न.

दुरुस्ती एका ओळीची होती, पण ती दोन जागी करावी लागली. ब्राउझरमधली तपासणी जावास्क्रिप्टमध्ये असते. ती टाळून कोणी माहिती पाठवू शकतो, म्हणून सर्व्हरवर पुन्हा तपासावे लागते, आणि आमचा सर्व्हर पायथनवर होता. दोन्हीकडे चिन्हांना परवानगी दिली. तरीही 'कऱ्हाडे' हे आडनाव एकाच्या कळफलकावरून जाई, दुसऱ्याच्या नाही. 'ऱ्ह' दोन प्रकारे लिहिता येतो. त्यांतल्या एकात 'र'चा पाय मोडून पुढे एक अदृश्य जोडचिन्ह येते, आणि ते अक्षरांतही बसत नाही, चिन्हांतही नाही. त्यालाही वाट करून द्यावी लागली.

ही बाब किरकोळ वाटेल. पण तपासणीच्या दिवशी शेजारी बसलेल्या एका आजींनी सूचना वाचली आणि 'माझंच काहीतरी चुकलं असेल' म्हणत आपले नाव इंग्रजीत लिहिले. साठ-सत्तर वर्षे शुद्ध लिहिलेले स्वतःचे नाव त्यांना चुकीचे वाटले. आता त्या फाइलीसोबत चाचणीच्या नावांची एक यादी आहे. फाइल बदलली की आधी सीता, गोविंद, विठ्ठल आणि दोन्ही प्रकारचे कऱ्हाडे आत जातात का, ते पाहायचे. मगच ती अर्जांना जोडायची.