एक तांब्या पाणी आणि दोनशे कोटी

१२ एप्रिल २०१६ च्या पहाटे मिरजेहून आलेली पाण्याची पहिली गाडी लातूर स्टेशनात शिरली. दहा वॅगन, एकेकीत पन्नास हजार लिटर, म्हणजे पाच लाख लिटर. २०११ च्या जनगणनेत लातूर शहराची वस्ती होती सुमारे ३ लाख ८३ हजार. भागून पाहा: माणशी १.३ लिटर. एक तांब्या आणि वर दोन-तीन घोट. त्याच उन्हाळ्यात शहरातल्या पाण्याच्या ठिकाणांभोवती जमावबंदी लागली होती. घागर घेऊन घोळक्याने उभं राहायलाही बंधन, हे ज्यांनी पाहिलं ते विसरणार नाहीत.

रेल्वेने शहर कायम जगत नाही. जलवाहिन्या, टाक्या, शुद्धीकरण केंद्र हवं, आणि त्याला कोटी लागतात. पुणे मनपाने जून २०१७ मध्ये चोवीस तास पाणी योजनेसाठी २०० कोटींचे कर्जरोखे काढले. मुदत १० वर्षं, व्याज ७.५९ टक्के. व्याजच झालं वर्षाला १५ कोटी १८ लाख. रोजचे ४ लाख १६ हजार रुपये. रविवारीही, दिवाळीच्या पाडव्यालाही.

२०११ च्याच जनगणनेप्रमाणे पुण्याच्या ३१ लाख माणसांत हे कर्ज माणशी ६४० रुपये पडतं. तेवढंच लातूरने घेतलं असतं तर? तान्ह्या बाळासकट माणशी ५,२०० रुपये. पाच जणांच्या घरावर २६ हजार मुद्दल आणि वर्षाला दोन हजारांच्या घरात व्याज. नांदेडच्या साडेपाच लाख वस्तीत माणशी ३,६०० च्या वर.

नांदेडची गोष्ट थोडी वेगळी. २००८ च्या शिखांच्या गुरु-ता-गद्दी त्रिशताब्दीच्या आधी ते केंद्राच्या नागरी अभियानात होतं. दहा लाखांपेक्षा लहान शहर म्हणून त्या अभियानात शंभरातले ऐंशी रुपये केंद्राचे, दहा राज्याचे, मनपाचे फक्त दहा. अनुदान फेडावं लागत नाही. रोखा मात्र फेडावाच लागतो, तोही आपल्या घरपट्टीतून, नळपट्टीतून.

मग या कर्जाला हो म्हणायचं कोणी? कॅलिफोर्नियात शहराला मालमत्ता करातून फेडायचं असं कर्ज काढायचं तर दोन तृतीयांश मतदारांची संमती लागते. शाळांच्या रोख्यांपुरती ही अट २००० साली ५५ टक्क्यांवर आली. आपल्याकडे मतपेटीच नाही. १९१४ च्या स्थानिक प्राधिकरण कर्ज कायद्याचा काळ असो की आजचा, कर्जमर्यादेची किल्ली सरकारच्या हातात राहिली. मनपाच्या सर्वसाधारण सभेने ठराव करायचा आणि मंत्रालयातून पूर्वमंजुरी आणायची. पुढे सेबीचे २०१५ चे नियम: पतमानांकन हवं, वसुलीसाठी वेगळं खातं हवं. नियम चांगले आहेत, पण ते रोखा घेणाऱ्याची काळजी वाहतात. बिल भरणाऱ्याला कोणी विचारत नाही.

तो ठराव तरी लोकांनी निवडून दिलेली माणसं करतात, असं म्हणावं तर २०२२ मध्ये लातूर आणि नांदेड-वाघाळा या दोन्ही मनपांची मुदत संपली. पुढे तीन वर्षांहून जास्त काळ सभागृह रिकामं होतं आणि सभेचे अधिकार प्रशासकाकडे. त्या काळात ३ लाख ८३ हजार लातूरकरांच्या वतीने ठरावावर सही करणारा माणूस होता एक.