माधवरावांचा जमाखर्च

अंकुशनगरात ऊसबिलाची पावती हाती आली की शेतकरी आधी कपातीचा रकाना बघतो. टनेज आणि भाव त्याला पाठ असतात. सोसायटीची वसुली किती झाली, यावर घरची दिवाळी ठरते. समर्थ सहकारी साखर कारखान्याभोवतीच्या या गावात कर्ज, व्याज, थकबाकी हे शब्द पोरांच्याही कानावरून रोज जातात. असाच कपातीचा रकाना १८८६ साली एका मराठी न्यायाधीशाने थेट हिंदुस्थान सरकारच्या हिशेबात शोधला होता. ते न्यायाधीश म्हणजे महादेव (माधवराव) गोविंद रानडे.

निफाडला १८४२ साली जन्मलेले रानडे १८६६ साली एलएल. बी. झाले. अक्कलकोटला कारभारी, कोल्हापूरला न्यायाधीश, एल्फिन्स्टन कॉलेजात अध्यापक अशा नोकऱ्या करत ते १८७१ साली ॲडव्होकेटची परीक्षा उत्तीर्ण झाले. वकिलीत पैसा होता, तरी ते पुण्याला सबजज्ज म्हणून गेले. तिथे नुकतीच स्थापन झालेली सार्वजनिक सभा होती. सभेने दख्खनच्या शेतकऱ्याची पाहणी केली, साऱ्याचे आकडे गोळा केले, अर्ज लिहिले. त्यामागे बरंचसं डोकं रानड्यांचं असे. न्यायाधीशाला साक्षीपुराव्याची सवय असते. रानड्यांनी हीच सवय सारा, मीठ आणि लष्करखर्च यांनाही लावली, असं मला वाटतं.

सरकारला हे रुचणारं नव्हतं. १८७९ साली वासुदेव बळवंत फडक्यांचं बंड झालं आणि संशयावरून रानड्यांची बदली धुळ्याला झाली. तिथे त्यांचं टपाल फोडून पाहिलं जात होतं. सात वर्षांनी त्याच सरकारने त्यांना आपल्या जमाखर्चाची झडती घ्यायला बोलावलं!

हे घडलं कारण तिजोरी अडचणीत होती. रशियाच्या धास्तीने लष्कराचा खर्च वाढला होता आणि १ जानेवारी १८८६ रोजी वरचा ब्रह्मदेश राज्याला जोडला गेला होता. विलायतेला पाठवायची रक्कम पौंडांत, वसूल मात्र रुपयांत. आणि चांदी उतरल्याने पूर्वी सुमारे दोन शिलिंगांना जाणारा रुपया दीड शिलिंगाच्याही खाली आला होता. तेवढीच रक्कम पाठवायची, तर रयतेकडून जास्त रुपये काढणं आलं. त्याच वर्षी प्राप्तिकराचा कायदा झाला आणि खर्च कुठे कापता येईल हे पाहायला चार्ल्स इलियट यांच्या अध्यक्षतेखाली वित्त समिती नेमली गेली. मुंबई इलाख्याच्या बाजूने रानडे तिचे सभासद झाले.

प्रांतांचा प्रश्नही त्यात होता. १८८२पासून जमीनमहसूल, स्टॅम्प, अबकारी अशा बाबींचं उत्पन्न मध्यवर्ती सरकार आणि प्रांत वाटून घेत. हा करार पाच वर्षांचा असे. मुदत संपली की नवी वाटणी. एकत्र कुटुंबात काटकसर करणाऱ्या भावाची शिल्लक थोरल्याने उचलून न्यावी, तशी प्रांतांची गत होई. प्रांतिक अर्थकारणाच्या विकेंद्रीकरणावर रानड्यांनी पुढेही लिहिलं. डॉ. आंबेडकरांचा १९२५चा ग्रंथ याच विषयावर आहे. दोघांना जोडणारा हा धागा आपण फारसा लक्षात घेत नाही.

समितीच्या कामासाठी रानडे सिमल्याला, कलकत्त्याला राहिले. पत्नी रमाबाई सोबत होत्या. रमाबाईंच्या आठवणींत कलकत्त्याचा एक प्रसंग आहे. रानड्यांनी बंगाली शिकायचं मनावर घेतलं होतं. एका सकाळी रमाबाईंनी बघितलं, तर न्हावी दाढी करतोय आणि रानडे हातातलं बंगाली पुस्तक मोठ्याने वाचत, अडलेले शब्द त्यालाच विचारताहेत. दिवसभर साम्राज्याच्या खर्चाचे कागद तपासायचे आणि सकाळी न्हाव्याकडे शिकायला बसायचं! मला रानडे या चित्रात सगळ्यात जास्त कळतात.

१८८७ साली त्यांना सी. आय. ई. किताब मिळाला. रयतेला मात्र जानेवारी १८८८मध्ये मिठावरचा कर मणामागे दोन रुपयांवरून अडीच रुपये झालेला दिसला. वर्षाला पाचशे रुपयांच्या आतल्या मिळकतीला प्राप्तिकर माफ होता. मिठाच्या करातून मजूरही सुटला नाही.

पुढे रानडे दख्खन शेतकरी कायद्याखालचे विशेष न्यायाधीश झाले. पुणे, सातारा, नगर, सोलापूर या चार जिल्ह्यांत फिरून त्यांनी कर्जाचे दावे तपासले. आपला अंकुशनगरचा अंबड भाग तेव्हा निजामाकडे. हा कायदा इथवर आला नाही, सावकार मात्र होताच. या फिरतीतून त्यांना पक्कं कळलं, की कोर्टाने व्याज कमी केलं तरी शेतकऱ्याला पेरणीला पैसा लागतोच. तो स्वस्तात देणारी पेढी हवी. ब्रिटिश अधिकारी वेडरबर्न यांची पुरंदर तालुक्यातल्या शेतकी बँकेची योजना लंडनने नाकारली होती. तरी १८९१ साली रानड्यांनी युरोपातल्या जमीनतारण बँकांचे दाखले देत शेतीच्या पतपुरवठ्याची नवी मांडणी केली.

१८९३ साली ते मुंबई हायकोर्टाचे न्यायमूर्ती झाले आणि १६ जानेवारी १९०१ रोजी गेले. सहकारी पतसंस्थांचा पहिला कायदा १९०४ साली झाला. आपल्या ऊसबिलातून कपात घेणाऱ्या सोसायटीची परंपरा त्या कायद्यापर्यंत मागे जाते.