नंदादीप आणि नखशृंगार

घटस्थापना जवळ आली की घाटकोपर, मुलुंड, बोरिवलीच्या घरांतून लेकीसुनांची शृंगाराची लगबग सुरू होते. अलीकडे तीत अ‍ॅक्रिलिक नखांची भर पडली आहे, आणि ती लावण्याचे साहित्य आता घरीच येते. आम्ही नाक मुरडणार नाही. अंग रंगविणे ही चौसष्ट कलांपैकीच एक. शिवाय आजोबांच्या कवळीचे नि या नखांचे द्रव्य एकाच कुळातले!

चिंता वेगळीच आहे. नखांची पूड ज्या द्रवात कालवितात त्याची वाफ घरातील नेहमीच्या उष्म्यातही पेट घेऊ शकते. ती हवेहून जड, म्हणून जमिनीलगत पसरते. आपला घट आणि त्याजवळचा अखंड नंदादीप, तेही जमिनीलगतच. दोन खोल्यांच्या बिऱ्हाडात अंतर ते कितीसे राहणार? नखे उतरविण्याचे अ‍ॅसिटोनही तितकेच ज्वालाग्राही. तयार नखे चिकटविण्याचा गोंद कापसावर सांडला, तर कापूस आपोआप तापून चटका देतो. वातींचा डबा दूर असावा.

नवरात्रात दीप विझवावयाचा नाही. तेव्हा नखे घटस्थापनेपूर्वीच, खिडक्या उघडून, देवघरातील दिवा नि गॅस बंद असताना लावावीत. राहून गेलेच तर ज्या शेजारणीकडे घट बसत नाही, तिच्या घरी जावे. नख सुटू लागल्यास ओढू नये, फटीत पाणीही मुरू देऊ नये. खालचे नख हिरवट पडते. आणि लांबी बेताची ठेवावी. नैवेद्याची कणीक मळावयाची आहे.