धवलेची राखण

गिरनारच्या चंद्रगुहेत धरसेन नावाचे वृद्ध आचार्य राहत होते. महावीरांच्या उपदेशाचा जो भाग गुरूच्या मुखातून शिष्याच्या कानी असा पाठांतरानेच आला होता, तो आपल्याबरोबर संपेल, ही काळजी त्यांना लागली. त्यांनी दक्षिणेकडच्या मुनिसंघाला निरोप धाडला, दोन हुशार शिष्य मागवले आणि येत होतं ते सगळं त्यांना शिकवलं. पुष्पदंत आणि भूतबली या त्या दोघांनी ते सूत्रांत बांधलं. षट्खंडागमाच्या जन्माची ही हकिगत दिगंबर जैन परंपरा सांगते. ग्रंथ पुरा झाला तो दिवस ज्येष्ठ शुद्ध पंचमी, म्हणजे श्रुतपंचमी.

या दिवशी मंदिरांत शास्त्रांची पूजा होते. पोथ्या बाहेर काढून धूळ झाडायची, त्यांना वारा-ऊन दाखवायचं, नव्या वेष्टनात पुन्हा बांधायच्या, अशी रीत आहे. तिथी ठरली ती ग्रंथाच्या जन्मावरून, पण ती येते मृगाच्या पावसाच्या आगेमागे. कोल्हापूरचा पावसाळा ज्याने काढला आहे त्याला हे वेगळं सांगायला नको. पंचगंगेच्या काठी चार महिने भिंती ओल धरतात, कपाटात बुरशी येते, आणि कसर नावाचा तो चंदेरी किडा कागदावर ताव मारतो. पूजेच्या निमित्ताने नेमकं त्याच सुमाराला मंदिरातलं ग्रंथभांडार तपासलं जावं, याचं मला फार नवल वाटतं.

याच षट्खंडागमावर नवव्या शतकात वीरसेनाचार्यांनी धवला ही टीका लिहिली. तिचा विस्तार 72,000 श्लोक सांगतात. गद्य मोजण्याचं हे जुनं माप. 32 अक्षरं म्हणजे एक श्लोक. हिशेब केला तर अक्षरं 23 लाखांच्या वर जातात! शिवाय जयधवला आणि महाधवला हे सिद्धांतग्रंथ वेगळेच. आणि हे सगळं ताडपत्रावर. झाडाची पानं उकळायची, वाळवायची, घोटून गुळगुळीत करायची, सारख्या मापाने कापायची, भोकं पाडून दोरीत ओवायची, वरखाली लाकडी पाट्या लावून कापडात बांधायची. जपलं तर असं पान शेकडो वर्षं टिकतं.

कर्नाटकातल्या मूडबिद्रीला या ग्रंथांच्या बाराव्या शतकातल्या प्रती टिकल्या. पण त्या इतक्या पवित्र मानल्या गेल्या, की लोक लांबून येत, हात जोडत, दर्शन घेऊन परत जात. भाषा प्राकृत, लिपी जुनी कानडी. दोन्ही येणारी माणसं हळूहळू विरळ झाली. पान शाबूत आणि वाचक नाही, अशी ती अवस्था. ग्रंथ हरवण्याचा हाही एक प्रकार आहे, आणि मला तो किडीपेक्षा भयंकर वाटतो.

सोलापूरचे हिराचंद नेमचंद आणि मुंबईचे माणिकचंद यांनी खटपट केली, तेव्हा 1896 मध्ये नक्कल सुरू झाली. ती 1922 पर्यंत चालली. सव्वीस वर्षं! नकला बाहेर जाऊ नयेत, असा मूडबिद्रीच्या मठाचा कटाक्ष होता. पण नक्कल करणाऱ्या गजपती उपाध्यायांनी पत्नी लक्ष्मीबाईंच्या मदतीने गुपचूप आणखी एक कानडी प्रत केली. ती सहारनपूरला पोचली, तिच्यावरून देवनागरी प्रती झाल्या आणि ग्रंथाला पाय फुटले. नियम मोडला हे खरं, तरी लक्ष्मीबाईंचं नाव आदराने घेतलं पाहिजे असं मला वाटतं.

1939 मध्ये अमरावतीहून प्रा. हीरालाल जैन यांनी धवलेचा पहिला खंड छापून काढला. सोळावा खंड यायला 1958 उजाडलं. या कामात त्यांना साथ होती कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात अर्धमागधी शिकवणाऱ्या डॉ. आ. ने. उपाध्ये यांची. नकलेची नक्कल होताना ओळ गळते, अक्षर बदलतं. म्हणून पुढे मूडबिद्रीच्या मूळ पानांशी पाठ ताडून पाहिले गेले. ज्या पानांना लोक लांबूनच हात जोडत, तीच अखेर छापील पुस्तकाच्या चुका दुरुस्त करायला उघडली. डॉ. उपाध्यांची नजर तर जुन्या पोथ्यांत दडलेलं हुडकून काढणारी होती. जटासिंहनंदींचं ‘वरांगचरित’ हे काव्य जुन्या लेखकांच्या उल्लेखांतून माहीत होतं, पण प्रत्यक्ष काव्य कुणापुढे नव्हतं. कोल्हापूरच्याच लक्ष्मीसेन मठातलं ताडपत्र त्यांनी वाचलं आणि 1938 मध्ये ते छापून आलं.

कोल्हापूरजवळ दूधगंगा-वेदगंगेच्या संगमावर भोज गाव आहे. आचार्य शांतिसागर तिथले. महाधवलेच्या ताडपत्रांतला काही हजार श्लोकांचा भाग किडीने नष्ट झाला, हे त्यांना कळलं आणि त्यांच्या जिवाला ते लागलं. हे सिद्धांतग्रंथ तांब्याच्या पत्र्यावर कोरून ठेवावेत, असं त्यांनी सुचवलं. या मुलखाला तांब्याचा भरवसा जुनाच. मूडबिद्रीची ताडपत्रं लिहिली जात होती त्याच शतकात कोल्हापूरचे शिलाहार राजे आपली दानपत्रं ताम्रपटावर कोरत होते. तांब्याला कसर लागत नाही. ओलीने हिरवट थर चढतो, पण कोरलेलं अक्षर खोल राहतं.

शांतिसागरांनी 1955 मध्ये कुंथलगिरीला सल्लेखना, म्हणजे आमरण उपवासाचं जैन व्रत, घेऊन देह ठेवला. त्यांच्या प्रेरणेने कोरलेले पत्रे फलटणला आहेत. त्यांवरची लिपी देवनागरी आहे; शाळेत जाणाऱ्या कुठल्याही मराठी पोराला ती अक्षरं लावता येतील.