बालीत राहायला गेलेल्या परदेशी माणसाची पहिली शिकवणी

बालीत राहायला गेलेला परदेशी पाहुणा पहिला धडा फुटपाथवरच शिकतो: खाली बघून चालायचं! दुकानाच्या उंबऱ्यापाशी, स्कूटरवर, रस्त्याच्या कडेला माडाच्या पात्यांची इवलीशी परडी, तीत फुलं आणि उदबत्ती. ही 'चनांग सारी', रोजचा नैवेद्य. तिच्यावर मुद्दाम पाय देणं म्हणजे उद्धटपणा.

दुसरा धडा 'न्येपी', म्हणजे शक नववर्षाचा मौनदिन. दिवे मंद, रस्ते ओस, विमानतळसुद्धा २४ तास बंद. 'पेचालांग' हे पारंपरिक रक्षक गस्त घालतात आणि पर्यटकांनीही हॉटेलातच थांबायचं. २०२५ साली न्येपी २९ मार्चला होती, आपला पाडवा ३० मार्चला. दोन्हीकडे शके १९४७ च!

तिसरा धडा जमिनीचा. परदेशी माणसाला तिथे पूर्ण मालकीने जमीन घेता येत नाही, म्हणून बहुतेकजण भाडेपट्ट्यावर राहतात. पण व्हिला वाढले तशी भातखाचरं आटली. त्यांना पाणी वाटून देणारी 'सुबाक' पद्धत २०१२ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे.

१४ फेब्रुवारी २०२४ पासून परदेशी पर्यटकांना दीड लाख रुपिया कर भरावा लागतो. तुम्ही जाणार असाल तर तो भरा आणि परडी दिसली की बाजूने जा.