वय 44, तेव्हा कुठे लोकांनी नाव विचारलं! लिओनिद ब्रोनेवॉयकडून शिकण्यासारखं

"सर, तीन वर्षं झाली, अजून नाव होत नाही," हा प्रश्न मला सगळ्यात जास्त येतो. म्हणून आज गोष्ट एका रशियन नटाची. हिरो नाही बरं का, आयुष्यभर बाजूच्या भूमिका केलेला माणूस.

लिओनिद ब्रोनेवॉय. जन्म 1928, कीव्ह. 1936 मध्ये वडिलांना अटक झाली, छळछावणीत पाठवलं आणि कुटुंबाला गाव सोडून दूर राहावं लागलं. त्या काळात अशा घरातल्या मुलाला चांगल्या संस्थांचे दरवाजे बंदच. मग त्यांनी ताश्कंदला नाट्यशिक्षण घेतलं, 1950 मध्ये बाहेर पडले आणि मॅग्निटोगोर्स्क, ओरेनबर्ग अशा मॉस्कोपासून लांबच्या गावांत नाटकं केली.

आता इथे बघा. हातात डिप्लोमा होता, कामाचा अनुभव होता, तरी 1953 मध्ये ते मॉस्को आर्ट थिएटरच्या शाळेत परत विद्यार्थी म्हणून बसले. थेट तिसऱ्या वर्षाला प्रवेश मिळाला. शिकून झाल्यावर मॉस्कोतच काम मिळालं का? नाही. पुन्हा ग्रोझ्नी, इर्कुत्स्क, व्होरोनेझ. 1962 मध्ये मॉस्कोच्या मालाया ब्रोन्नाया थिएटरमध्ये जागा मिळाली.

आणि 1973 मध्ये टीव्हीवर 12 भागांची 'वसंताचे सतरा क्षण' ही हेरकथा आली. हिरो व्याचेस्लाव तिखोनोव्ह. ब्रोनेवॉय त्यात गेस्टापोप्रमुख म्यूलर, म्हणजे शत्रूपक्षातला माणूस. पण लोकांच्या लक्षात तोही तेवढाच राहिला. म्यूलरची मान झटकायची लकब तर गाजलीच. ती आली कुठून? गणवेशाची कॉलर घट्ट होती, मानेला टोचायची, म्हणून ते मान वळवायचे. दिग्दर्शिका तात्याना लिओझ्नोव्हा यांनी ते हेरलं आणि तसंच ठेवायला लावलं. अडचणीचीच ओळख झाली!

माझ्या मते धंदेवाल्यांसाठी खरा धडा याच्या पुढे आहे. दिग्दर्शक मार्क झाखारोव्ह यांनी त्यांना 1979 मध्ये म्यूनशहाउझेनवरच्या चित्रपटात ड्यूकची भूमिका दिली. राज्यकारभारापेक्षा शिवणकामात रमणारा ड्यूक! 1984 मध्ये 'प्रेमाचं सूत्र'मध्ये खेडेगावचा डॉक्टर दिला. रोल छोटा, पण त्यातली वाक्यं लोकांच्या तोंडी बसली. आणि 1988 मध्ये झाखारोव्ह यांच्याच लेनकॉम थिएटरमध्ये ब्रोनेवॉय दाखल झाले, ते 2017 मध्ये जाईपर्यंत तिथेच. धंद्याच्या भाषेत सांगायचं तर एकच गिऱ्हाईक परत आलं, पुन्हा आलं आणि शेवटी कायमचं जोडलं गेलं.

पण एक गोष्ट स्पष्ट सांगतो. "वीस वर्षं थांबा, यश येईल," असं मी म्हणत नाहीये. त्यांना सरकारी थिएटरचा पगार होता. आपल्याला दुकानभाडं, लाईट बिल आणि बँकेचा हप्ता आहे. म्हणून नाव होईपर्यंत गल्ला चालता ठेवणं ही पहिली जबाबदारी. घरखर्च निघत नसेल, तर थांबण्याला चिकाटी म्हणू नका. हिशोब काढा आणि मार्ग बदला.

आणि गल्ला चालू असेल, तर स्वतःला तीन प्रश्न विचारा. मागच्या वर्षभरात मी नवीन काय शिकलो? जुन्या गिऱ्हाइकांपैकी किती जण परत आले? आणि छोटी ऑर्डर आली, तेव्हा ती मी मोठ्या ऑर्डरसारखीच पॅक केली का?

ब्रोनेवॉय यांना 'साध्या गोष्टी' या 2007 च्या चित्रपटातल्या म्हाताऱ्या, आजारी नटाच्या भूमिकेसाठी निका हा मानाचा रशियन चित्रपट पुरस्कार मिळाला. तेव्हा वय ऐंशीच्या घरात. तेव्हाही भूमिका बाजूचीच होती.

तिन्ही उत्तरं आजच वहीत लिहा. दुसऱ्या प्रश्नाचा आकडा मात्र अंदाजाने नको, बिलबुक उघडून मोजा. भेटू पुढच्या भागात!