तेरा मिनिटांची तूट

सकाळी 6:15
नाहूर गाव, तिसरा मजला. ताई व्हीएचएस कॅसेटचे पाच स्क्रू काढतात. आतल्या टेपवर पांढरी बुरशी. मुंबईचा पावसाळा कॅसेटला सोडत नाही. अशीच मशीनमध्ये घातली तर बुरशी हेडला लागते आणि तिथून पुढच्या कॅसेटला. आयसोप्रोपिल अल्कोहोल, धागे न सोडणारं फडकं. टेप हाताने गुंडाळत हळूहळू पुसायची. नाव छापू नका, एवढं त्यांनी आधीच सांगितलंय.

सकाळी 8:00
पहिलं लग्न. 1994 चं, मुलुंडच्या हॉलमधलं. कॅसेट डिजिटल करून द्यायचे कॅसेटमागे चारशे रुपये, पेनड्राइव्हचे वेगळे. घाई करता येत नाही. तीन तासांचं लग्न उतरवायला तीन तासच लागतात. अक्षता, पंगत, पाठवणी चालू असताना ताई भाजी चिरतात. कान मात्र आवाजाकडे असतो.

सकाळी 11:20
चित्र फाटतं. मशीन उघडून हेड पुसतात, तेही आडवंच. उभं पुसलं की हेड तुटतं. व्हीसीआर बनवणारी शेवटची जपानी कंपनी 2016 साली थांबली. ताईंकडे तीन मशीन आहेत, त्यातलं एक फक्त सुट्या भागांसाठी. रबरी पट्टा त्यातूनच निघतो.

दुपारी 1:00
आता बिनपैशाचं काम: तुटक प्रतींतून जुना चित्रपट पूर्ण जुळवायचं. ज्यासाठी लग्नं उतरवायची ते हेच.

1960 च्या आसपासचा कृष्णधवल मराठी चित्रपट. कुणीतरी टीव्हीवरून घरी टेप केलेला. सुरुवातीला सेन्सॉरचं प्रमाणपत्र दिसतं. ताई तिथे थांबवतात. लांबी 3,836 मीटर. पस्तीस एमएमची फिल्म मिनिटाला साधारण 27.4 मीटर धावते, म्हणजे थिएटरात 140 मिनिटं. टीव्हीवर सेकंदाला 24 ऐवजी 25 चौकटी, म्हणून तोच चित्रपट 134 मिनिटांत उरकतो आणि गाणी किंचित चढ्या पट्टीत ऐकू येतात. टेप भरते 121 मिनिटं. तूट तेरा मिनिटांची.

प्रमाणपत्रात त्या आणखी एक गोष्ट बघतात. डाव्या कोपऱ्यात खाली त्रिकोण असेल तर चित्रपटाला कात्री लागलेली असते. इथे त्रिकोण नाही. म्हणजे ही तेरा मिनिटं नंतर गेली.

दुपारी 2:30
दुसरी प्रत व्हीसीडीची. चित्र बारीक, 352 बाय 288. एक अख्खं गाणं नाही. पण टेपमध्ये नसलेला कोर्टाचा प्रसंग आहे, 5 मिनिटं 20 सेकंदांचा. स्क्रीनवर दोन्ही प्रती शेजारी लावून ताई सांधा शोधतात. दार बंद होण्याचा आवाज दोन्हींत आहे, तिथे जोडायचं. व्हीसीडीचा आवाज जरा मागे पडतो, तो सरकवायचा. पुन्हा ऐकायचं. पुन्हा सरकवायचं. मान आखडते. मला कंटाळा आला, त्यांना नाही.

सायंकाळी 5:10
चहा. विषय ‘शोले’चा. 15 ऑगस्ट 1975 ला तो लागला तेव्हा आणीबाणी होती. सेन्सॉरने शेवट बदलायला लावला. ठाकूर गब्बरला मारतो तो शेवट गेला, पोलीस येऊन अडवतात तो आला. फिल्म हेरिटेज फाउंडेशनने मूळ शेवटासह चित्रपट पुन्हा उभा केला आणि जून 2025 मध्ये इटलीत बोलोन्याला दाखवला. त्यासाठीची काही रिळं ब्रिटनमधल्या गोदामात सापडली होती.

“मूळ शेवट आला, छानच झालं,” ताई म्हणतात. “पण आमच्या आईने थिएटरात पोलिसांवालाच पाहिला. तोही राहायला पाहिजे ना!”

मला हे मनापासून पटतं. लोकांनी तिकीट काढून पाहिलेला चित्रपट हाही इतिहासच. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय झालं 1964 साली. तोवर बरंच गेलेलं होतं. 1913 चा ‘राजा हरिश्चंद्र’सुद्धा आज पूर्ण नाही.

सायंकाळी 7:30
भाचा हार्ड डिस्क घेऊन येतो. “मावशी, ही पण भरली का?” दर्जा न गमावता उतरवलेलं तासाला तीसेक जीबी खातं. दोन प्रती ठेवायच्या, एक भाच्याच्या घरी. ऑनलाइन संग्रहात चढवायचं ते साठ वर्षं उलटून हक्क संपलेलंच. बाकीचं डिस्कवर, सोबत काय कुठे तुटलंय त्याची यादी.

रात्री 9:15
वहीत हिशेब. आले आठशे. गेले: अल्कोहोल 180, फडकी 60. चित्रपटाच्या पानावर लिहितात, ‘बाकी 8 मि.’

कोल्हापूरच्या एका शौकीन गृहस्थांकडे याच चित्रपटाची तिसरी कॅसेट आहे. ती चालते की नाही, त्यांनाही माहीत नाही. कुरिअरचे 110 रुपये ताई फोनवरून पाठवतात आणि खाली लिहितात, ‘कॅसेट उभी ठेवून पाठवा, प्लास्टिकमध्ये नको, कागदात गुंडाळा.’